वाणाची बरणी देखणी असावी, पण आधी तिच्यातलं नीट भाजलं जावं

मा. संपादक,
स. न. वि. वि.

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला काय लुटायचं, हा विषय आता घराघरांत निघेल. प्लास्टिकच्या डब्यांना आणि चाळण्यांना पर्याय म्हणून काही जणी काचेच्या बरणीत नानखटाईचं किंवा कुकीजचं कोरडं मिश्रण थराथरांनी भरून वाण म्हणून देऊ लागल्या आहेत. घेणारीनं त्यात फक्त तूप किंवा लोणी मिसळायचं आणि भाजायचं. कल्पना आम्हाला मनापासून आवडते. बेकरी पदार्थांचं प्रशिक्षण देताना मात्र एक गोष्ट सारखी दिसते. बरणी भरणारीचं सगळं लक्ष थरांच्या रंगांकडे असतं आणि जिच्या हातात ती जाणार तिच्या स्वयंपाकघराकडे नसतं. तिच्याकडे ओव्हन नसेल, वजनकाटा नसेल, बरणी महिनाभर फडताळात राहील, हे धरूनच ती भरायला हवी. म्हणून हे पत्र थोडं सविस्तर लिहीत आहोत.

आपल्याकडे यासाठी सगळ्यात योग्य धान्य ज्वारी आहे आणि तीही रब्बीची, म्हणजे शाळू. पावसात सापडून काळी पडलेली खरिपाची ज्वारी भाकरीलाही बरी लागत नाही, मग नानखटाईला कुठून लागणार? शाळूचं पीठ पांढरं आणि चवीला गोडसर असतं. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाची ‘परभणी मोती’ ही शाळूची जात आपल्याच भागातली आहे. २०२३ हे आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष होतं, तेव्हा ज्वारीचं कौतुक खूप झालं. वाणाच्या बरणीत मैद्याच्या जोडीला ज्वारी घालणं हा ते कौतुक स्वयंपाकघरात आणण्याचा अगदी सोपा मार्ग आहे.

पण ज्वारीचं पीठ गिरणीतून आणलं आणि बरणीत भरलं, असं चालत नाही. गिरणीतून आलेलं पीठ गरम असतं. ते तसंच झाकलं तर वाफ आतल्या आत धरते आणि गुठळ्या होतात. शिवाय ज्वारीच्या कोंबात तेलाचा अंश असतो. दळल्यावर तो मोकळा होतो आणि पीठ काही आठवड्यांत खवट, कडवट लागू लागतं. यावर उपाय भाजण्याचा. पीठ मैद्याच्या चाळणीनं चाळून जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर ८ ते १० मिनिटं सतत हलवत कोरडं भाजावं. रंग किंचित बदलला आणि भाजक्या पिठाचा वास सुटला की लगेच परातीत पसरावं. भाजल्यानं ओल जाते, पीठ खवट करणारी प्रक्रिया मंदावते आणि किड्यांची अंडी असली तर तीही मरतात. पीठ हाताला पूर्ण गार लागेपर्यंत, म्हणजे निदान दोन तास, बरणीकडे नेऊ नये. वजनही भाजल्यानंतरच करावं, कारण ओल उडाल्यानं ते कमी होतं. बाजरीच्या पिठाच्या मात्र वाटेला जाऊ नये. ते फार लवकर कडू होतं, भेटीच्या बरणीसाठी त्याचा भरवसा नाही.

अर्धा लिटरच्या बरणीसाठी आमचं ज्वारीच्या नानखटाईचं प्रमाण असं आहे: मैदा ७५ ग्रॅम, भाजलेलं ज्वारीचं पीठ ७५ ग्रॅम, कोरडं भाजलेलं बेसन ३० ग्रॅम, भाजलेला बारीक रवा २५ ग्रॅम, पिठीसाखर ९० ग्रॅम, बेकिंग पावडर सपाट अर्धा छोटा चमचा, चिमूटभर मीठ, अर्धा छोटा चमचा वेलचीपूड, थोडं जायफळ आणि वर पिस्त्याचे काप १५ ग्रॅम. घेणारीनं घालायचं साजूक तूप ११० ग्रॅम. यात साधारण २० ग्रॅमच्या एकवीस-बावीस नानखटाया होतात. वाणासाठी पाव लिटरच्या बरण्या घेतल्या तर सगळं बरोबर निम्मं करावं. वाट्यांनी मोजू नका. दाबून भरलेल्या आणि भुरभुरून भरलेल्या वाटीत मैद्याचा फरक सहज २५-३० ग्रॅम पडतो आणि तेवढ्यानं नानखटाई कोरडी होऊन चिरते.

ज्वारीत ग्लुटेन नसतं. त्यामुळेच नानखटाई खुसखुशीत होते आणि त्यामुळेच ज्वारी जास्त झाली की तिचा भुगा होतो. म्हणून ज्वारी मैद्याच्या बरोबरीनं, त्याहून जास्त नको. ‘संपूर्ण ज्वारीची’ असं लिहिण्याच्या मोहात प्रमाण वाढवलं की गोळेच वळत नाहीत.

बेकिंग पावडर नेहमी मैद्यात मिसळून दोनदा चाळावी. काही जणी तिचा वेगळा पांढरा थर करतात. तो दिसतो छान, पण घरी गेल्यावर नीट मिसळला जात नाही आणि नानखटाईवर पिवळे-तपकिरी डाग पडतात, त्या जागी घास कडवट लागतो. शिवाय बेकिंग पावडरला ओलावा मिळाला की ती बरणीतच काम करून मोकळी होते. मग भाजताना पीठ फुलायचं कसं? पिठीसाखर घरी दळली असेल तर १०० ग्रॅमला एक छोटा चमचा कॉर्नफ्लोअर मिसळावं, नाहीतर तिचा दगड होतो. विकतच्या पिठीसाखरेत ते बहुधा असतंच, पाकीट वाचून घ्यावं.

बरणी रुंद तोंडाची घ्यावी. लोणच्याची जुनी बरणी घेणार असाल तर झाकण नवं घ्या. काच कितीही घासली तरी झाकणातल्या रबराचा वास जात नाही आणि वेलचीवर मोहरीचा वास चढतो. धुतलेली बरणी दिवसभर कडक उन्हात उपडी न ठेवता आडवी ठेवावी, म्हणजे आतली वाफ बाहेर पडते. थेंबभर पाणी तळाशी राहिलं तरी त्याच जागेपासून बुरशी सुरू होते.

थर लावायचा नियम एकच आहे: बारीक पीठ खाली, भरड वस्तू वर. उलटं केलं तर बारीक पीठ भरड वस्तूंच्या फटींतून खाली उतरतं आणि रेषा पुसल्या जातात. म्हणून तळाशी बेकिंग पावडर मिसळलेला मैदा, त्यावर पिवळं बेसन, मग रवा मिसळलेली ज्वारी, त्यावर वेलची-जायफळ मिसळलेली पिठीसाखर आणि शेवटी पिस्ता. मैदा आणि पिठीसाखर शेजारी आले तर दोन्ही पांढरे, वेगळे दिसत नाहीत. जाड कागदाचं नरसाळं करून प्रत्येक वस्तू बरणीच्या मधोमध सोडावी, म्हणजे काचेवर धूळ बसत नाही. प्रत्येक थरानंतर लाटण्याच्या टोकानं हलकं, पण सगळीकडे सारखं दाबावं. कडेला दाबायचं राहिलं की वरचा थर तिथून खाली झिरपतो. बसलेली पूड कोरड्या ब्रशनं झटकावी, ओल्या फडक्यानं अजिबात नाही. बरणी झाकणापर्यंत गच्च भरलेली असली पाहिजे. वर बोटभर जागा राहिली तर एसटीत बसून बरणी गावाला पोचेपर्यंत सगळे थर एक झालेले असतात. जागा उरलीच तर पिस्ता वाढवावा किंवा घडी घातलेला बटर पेपर वर ठेवावा.

कुकीजची बरणी एक लिटरची लागते. कणीक १५० ग्रॅम, भाजलेली ज्वारी १०० ग्रॅम, खाण्याचा सोडा सपाट अर्धा छोटा चमचा, मीठ तेवढंच, गूळ पावडर १५० ग्रॅम, ओट्स ९० ग्रॅम, भाजून सोललेल्या शेंगदाण्याच्या पाकळ्या ६० ग्रॅम आणि चॉकलेटचे तुकडे ८० ग्रॅम. घरी घालायचं मऊ लोणी १५० ग्रॅम आणि एक अंडं किंवा ४ मोठे चमचे दूध. यात खरा त्रास गुळाचा. गूळ पावडर हवेतली ओल ओढते, ढेकूळ धरते आणि सोड्याला लागून राहिली तर सोडाही निकामी करते. म्हणून सोडा तळाच्या कणकेत मिसळावा, मध्ये ज्वारीचा थर द्यावा, त्यावर गूळ आणि गुळावर ओट्स. गूळ पावडर भरण्याआधी तिला एक मोठा चमचा भाजलेलं ज्वारीचं पीठ चोळून घ्यावं. शेंगदाण्याचा कूट नको, तो पाकळ्यांपेक्षा फार आधी खवट होतो. मनुका आणि खजूर ओले असतात, ते बरणीत न घालता घरी घालायला सांगावं. आणि होळीनंतर चॉकलेट वगळाच. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात ते बरणीतच वितळून ओट्सला चिकटतं.

आता बरणीसोबतच्या चिठ्ठीबद्दल. आमच्या मते बरणीइतकंच तिला महत्त्व आहे आणि नेमकी तीच दोन ओळींत उरकली जाते. नानखटाई करताना एरवी आपण आधी तूप आणि साखर फेटतो. बरणीत साखर पिठासोबतच असल्यानं ते शक्य नाही. म्हणून चिठ्ठीत स्पष्ट लिहावं: बरणी परातीत रिकामी करा, कोरडंच दोन मिनिटं मिसळा, थिजलेलं तूप घालून बोटांच्या टोकांनी चोळा, गोळा जमला की झाकून २० मिनिटं ठेवा. ज्वारी तूप हळूहळू पिते, हा वेळ दिला नाही तर नानखटाई दाताखाली कचकचते. तूप पातळ असेल तर नानखटाई भाजताना पसरून चपटी होते. वजनकाटा नसलेल्या घरासाठी बरणीच्या बाहेरून १२० मिलिलीटरवर कागदाची पट्टी चिकटवावी, पाव लिटरच्या बरणीला ६० वर. रिकाम्या बरणीत कोमट पातळ तूप त्या खुणेपर्यंत ओतलं आणि थिजू दिलं की ते बरोबर ११० ग्रॅमच्या आसपास भरतं. आमटीच्या पळीनं अंदाज घ्यायची वेळ कोणावर येऊ नये.

ओव्हन असेल तर नानखटाई १७० अंशांवर १५ ते १८ मिनिटं, कुकीज १७५ अंशांवर १२ ते १४ मिनिटं. नसेल तर जाड बुडाच्या कढईत दीड वाटी मीठ पसरून त्यावर स्टँड ठेवावा, झाकून मध्यम आचेवर १० मिनिटं तापवावी, मग तूप लावलेली ताटली आत ठेवून मंद आचेवर २० ते २५ मिनिटं. कुकर वापरायचा तर शिट्टी आणि रबर काढलंच पाहिजे, पण कोरड्या कुकरपेक्षा कढई बरी. रंग वरून नव्हे, खालून बघायचा, कढईत वरून नानखटाई फिकीच राहते. गरम असताना ती मऊ लागते, म्हणून कच्ची समजून पुन्हा आत ठेवू नये आणि १० मिनिटं ताटलीवरून हलवूही नये.

चिठ्ठीवर भरल्याची तारीख घाला. थंडीच्या दिवसांत हे मिश्रण दोन महिने चांगलं राहतं, उन्हाळ्यात एक महिनाच धरावा. शेंगदाणे, पिस्ता, गहू, दूध यांची नावं ठळक लिहा, कारण एखाद्या घरात ते चालत नसतील. आणि दोन दावे कृपा करून करू नका. ज्वारी घातली म्हणून बरणी ‘ग्लुटेनमुक्त’ होत नाही. तिच्यात मैदा किंवा कणीक आहेच, आणि ज्वारीसुद्धा बहुतेक वेळा गव्हाच्याच गिरणीत दळलेली असते. तसंच गूळ घातला म्हणून ती मधुमेही माणसासाठी मोकळी होत नाही, गूळही साखरच आहे. अशा एका शब्दावर विश्वास ठेवून कोणी आजारी माणसानं खाल्लं, तर त्याची जबाबदारी बरणी भरणारीवर येते.

घरच्या वाणाला परवाना लागत नाही. पण ज्या बचत गटांना या बरण्या विकायच्या आहेत, त्यांना एफएसएसएआयची, म्हणजे केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची, नोंदणी घ्यावी लागते आणि लेबलवर नोंदणी क्रमांक, घटक उतरत्या क्रमानं, निव्वळ वजन, तारीख आणि शाकाहारी चिन्ह छापावं लागतं. ‘उमेद’ या राज्याच्या ग्रामीण जीवनोन्नती अभियानाच्या आणि कृषी विज्ञान केंद्रांच्या प्रशिक्षणात बरणी सजवण्याच्या तासाआधी वजनकाटा, पीठ भाजणं आणि लेबल हे तीन तास ठेवावेत, अशी आमची आपल्या दैनिकातून विनंती आहे. त्यातही दोन बरण्या भरून, महिन्यानं उघडून, प्रशिक्षणार्थींकडून कढईतच भाजून घ्याव्यात. ओव्हनमध्ये चांगलं झालेलं मिश्रण कढईत फसतं का, हे विक्रीला काढण्याआधी त्याशिवाय कळणार नाही.

आपल्या,
बेकरी प्रशिक्षण देणाऱ्या काही वाचक,
परभणी