हरवलेल्या लॉगबुकाबद्दल मंत्रिमहोदयांना खुले पत्र

मा. मंत्रिमहोदय,
स. न. वि. वि.

आपल्या कार्यालयाचं पत्र मिळालं. ‘सदर वस्तू आढळून येत नाही.’ ती ‘सदर वस्तू’ म्हणजे माझ्या वैमानिक वडिलांचं लॉगबुक, उड्डाणांची नोंदवही. दुसऱ्या महायुद्धातल्या वैमानिकांसाठी दालन उभारू, असं आपण पुण्यात व्यासपीठावरून सांगितलंत, टाळ्याही घेतल्यात. त्या भरवशावर मी ते आपल्या माणसांच्या हाती दिलं. दालनाचा पत्ता नाही आणि आता लॉगबुकाचाही नाही.

त्यात काय होतं हे कोणी उघडून तरी पाहिलं का? १९३९ साली युद्ध पेटलं तेव्हा भारतीय हवाई दलात अधिकारी होते १६ आणि स्क्वाड्रन एक. तोवर आपली मुलं इंग्लंडात क्रॅनवेलच्या हवाई दलाच्या कॉलेजात शिकायला जात. लढाई अंगावर आली तेव्हा कुठे सरकारला इथे शाळा काढायची बुद्धी झाली. लाहोरला वॉल्टनमध्ये सुरुवातीचे धडे, मग हैदराबादजवळच्या बेगमपेटला नाहीतर जोधपूरला टायगर मॉथ या लहान विमानावर उडायला शिकायचं, पुढचं शिक्षण अंबाल्याला. बाबा बेगमपेटला शिकले. विमानाला ब्रेक नाही, रेडिओ नाही. पंखा हातानं फिरवून इंजिन चालू करायचं. पुढच्या उघड्या खोबणीत मास्तर, मागच्या खोबणीत पोरगा आणि बोलायला मधे एक नळी. ही नळी इंग्लंडातल्या गॉस्पोर्टच्या उड्डाणशाळेतली. तिथे १९१७ मध्ये स्मिथ-बॅरी या अधिकाऱ्यानं उडायला शिकवण्याची रीतच पालटली. त्या पहिल्या महायुद्धात ब्रिटिशांचे १४ हजार वैमानिक गेले, त्यांतले ८ हजार शिकतानाच, असं जिकडेतिकडे छापलेलं असतं. फुगवलेला असेल आकडा. निम्मा धरा, तरी अंगावर काटा येतो.

पानशेतच्या पुरात आईनं भांडीकुंडी सोडली आणि लॉगबुकाची ट्रंक उचलली. पुराला जे जमलं नाही ते आपल्या खात्यानं करून दाखवलं. अभिनंदन!

वर आपले एक साहेब मला म्हणाले, “इंग्रजांचीच चाकरी ना ती?” मुंबईत जन्मलेले हृषीकेश मुळगावकर त्याच युद्धात वैमानिक झाले आणि १९७६ मध्ये हवाई दलप्रमुख. ऑक्टोबर १९४७ मध्ये श्रीनगर वाचवायला जी विमानं गेली, ती उडवणारे काय आकाशातून पडले होते? पण साहेबांना कोण शिकवणार! पुतळा म्हटलं की निधी, भूमिपूजन, फ्लेक्स, सगळं तयार. जुना कागद सांभाळायला मात्र एक कोरडं कपाट मिळत नाही. सत्ता कोणाचीही येवो, इतिहासाची आठवण मिरवणुकीपुरती. आम्ही म्हातारी माणसं रांगेत मरणार आणि तुमची फाइल ‘उचित कार्यवाहीस्तव’ या टेबलावरून त्या टेबलावर फिरणार.

लॉगबुक घेताना आपल्या माणसानं सही करून पोच दिली होती. ती माझ्याकडे आहे. सही कोणाची, पुस्तक कोणत्या गोदामात गेलं आणि तिथे शेवटचं कोणी पाहिलं, एवढं लेखी कळवा. ‘आढळून येत नाही’ हे पुन्हा पाठवू नका.

आपली,
एका वैमानिकाची मुलगी, पुणे