स्थगितीचाही निकाल लागला पाहिजे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

फौजदारी खटल्यात उच्च न्यायालयाने हात कधी घालावा, यावरचा कालच्या अंकातील लेख वाचला. गुन्हा कधी रद्द करता येतो हे सांगणाऱ्या, सर्वोच्च न्यायालयाच्या भजनलाल प्रकरणातील सात कसोट्या लेखकाने नीट मांडल्या आहेत आणि खोट्या फिर्यादीतून माणसाला सोडवण्याचा अधिकार उच्च न्यायालयाकडे असलाच पाहिजे, याबद्दल माझे दुमत नाही. परंतु गुन्हा रद्द करण्याच्या अर्जाचा निकाल लागेपर्यंत खटल्याला जी स्थगिती वर्षानुवर्षे चालू राहते, तिच्याविषयी एवढ्या मोठ्या लेखात एक ओळही नाही आणि आमच्यासारख्या फिर्यादींचे मरण नेमके तिथेच आहे.

मी रावेर तालुक्यातील केळी उत्पादक. २०१९ च्या उन्हाळ्यात एका व्यापाऱ्याने माझी व गावातील आणखी काही जणांची केळी कापून नेली. त्याने दिलेले धनादेश वटले नाहीत. दोषारोपपत्र दाखल झाले, साक्षी सुरू होणार, एवढ्यात ऑगस्ट २०२३ मध्ये आरोपीने 'वाद दिवाणी स्वरूपाचा आहे' असे सांगून गुन्हा रद्द करण्याचा अर्ज केला आणि उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडून पुढील आदेशापर्यंत स्थगिती मिळवली. तेव्हापासून आमच्या न्यायालयात फक्त पुढची तारीख पडते.

सहा महिन्यांत मुदत वाढवली नाही तर स्थगिती आपोआप उठेल, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये म्हटले होते. त्याच आधारावर आमचे वकील अर्ज करणार होते, तोच २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो नियम रद्द केला. ज्याचा काही दोष नाही अशा पक्षकाराची स्थगिती केवळ मुदत संपली म्हणून जाऊ नये, हे घटनापीठाचे म्हणणे मला पटते. पण दोष माझाही नव्हता. स्थगिती उठवून घ्यायची तर आरोपीच्या अर्जातले 'प्रतिवादी क्रमांक दोन' म्हणून छत्रपती संभाजीनगरला खंडपीठात दुसरा वकील लावा, पहाटेची एसटी धरा आणि प्रकरण बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या सुनावणीच्या यादीत, आले तरी पुकारले जाईलच याची खात्री नाही.

वजनकाट्याच्या पावत्यांच्या माझ्याकडील प्रती मी प्लॅस्टिकच्या पिशवीत जपून ठेवल्या आहेत. त्यांवरची शाई उडत चालली आहे. गाडीचा क्रमांक अजून वाचता येतो, वजनाचा आकडा उजेडात धरला तरी दिसत नाही. ज्या मुकादमासमोर माल भरला गेला, तो गेल्या पोळ्यानंतर वारला. उद्या स्थगिती उठली तर त्याची साक्ष कोण देणार?

आपल्याच राज्यातून गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये, गुन्हा रद्द करणे हा अपवाद आहे आणि अंतरिम संरक्षण देताना कारणे नोंदवावीत, असे बजावले होते. माझे मागणे त्याहून थोडे पुढचे आहे: खटला थांबवणाऱ्या आदेशातच अंतिम सुनावणीची तारीख घालावी आणि ती पाळावी. मग गुन्हा रद्द झाला तरी मी तो निकाल मान्य करीन.

आणखी एक तक्रार आपल्या बातमीदाराबद्दल आहे. स्थगिती मिळाली तेव्हा आपण 'व्यापारी निर्दोष' असा मथळा छापला होता. स्थगिती म्हणजे निर्दोष मुक्तता नव्हे; गुन्हा रद्द होणे हेसुद्धा पुराव्यानिशी सुटण्यापेक्षा वेगळे असते. त्या मथळ्याची दुरुस्ती आजवर आलेली नाही आणि बाजारात भेटणारी माणसे मला अजून विचारतात, "तुम्ही केस हरलात ना?"

आपला,
एक केळी उत्पादक, ता. रावेर, जि. जळगाव