मूळ फोटो केवढा होता, तेही छापा

मा. संपादक,

पॅरिसच्या जुन्या स्टुडिओंमधल्या नामवंतांच्या फोटोंवर जी पुस्तके निघतात, त्यांच्या परीक्षणांत फोटोतल्या माणसांबद्दल भरभरून लिहिले जाते. मूळ फोटो केवढा होता आणि कशावर छापला होता, हे बहुधा राहून जाते. घोळ तिथेच होतो.

पॅरिसचा फोटोग्राफर दिस्देरी याचेच घ्या. 1854 मध्ये पेटंट घेतलेल्या त्याच्या पद्धतीत एका काचेवर आठ-आठ चित्रे उमटत. ती कापून साधारण 6 × 10 सेंटिमीटरच्या पुठ्ठ्यावर डकवत. उभा माणूस, शेजारी खांब नाहीतर पडदा. एवढ्यात चेहरा येतो करंगळीच्या नखाएवढा. पुस्तकात हेच कार्ड पानभर फुगवतात, चेहरा धुरकट होतो आणि ठपका बसतो दिस्देरीच्या भिंगावर! तिथलाच दुसरा फोटोग्राफर नादार, त्याचे उलटे. 1855 च्या आसपासचे त्याचे कितीतरी फोटो वीस-पंचवीस सेंटिमीटर उंच, मिठाच्या पाण्यात भिजवून चांदीचा थर दिलेल्या कागदावरचे. मागे कोरा पडदा, उजेड एका बाजूचा. ते पाव पानात कोंबले की काळ्या कोटातल्या छटा बुजतात आणि कोटाचा नुसता डाग उरतो. दोघांना एकाच मापात छापून वर तुलना करायची, याला काय म्हणावे? (पुढे कापुसीन बुलवारवरच्या स्टुडिओत नादारनेही छोटी कार्डे काढलीच.)

'गालरी काँतांपोरेन' या 1876 ते 1884 मधल्या, नामवंतांच्या छायाचित्रांच्या मालिकेतले फोटो तर अस्सल प्रिंट समजूनच पाहिले जातात. त्यातले बरेचसे वुडबरीटाइप, म्हणजे छपाईच. फोटोवरून तयार केलेला जिलेटिनचा उंचसखल ठसा सुकवून हायड्रॉलिक प्रेसखाली शिशाच्या पत्र्यात दाबायचा. त्या साच्यात रंग मिसळलेले कोमट जिलेटिन ओतून वर कागद दाबायचा. जिथे साचा खोल, तिथे थर जाड आणि छटा गडद. दाबताना जादा शाई कडांनी बाहेर येते, म्हणून कडा कापून चित्र दुसऱ्या कागदावर चिकटवावे लागे. दहापट भिंगाखाली हाफटोनचे, म्हणजे नेहमीच्या छापील चित्रातले, ठिपके दिसत नाहीत; पान उजेडात तिरपे धरले तर काळ्या भागाला किंचित उठाव दिसतो. रंगद्रव्य असल्याने ते विटतही नाही. त्याच काळातले अल्ब्युमिन प्रिंट (अंड्याच्या पांढऱ्या बलकाचा थर दिलेल्या कागदावरचे फोटो) पाहा, पांढरे भाग पिवळे पडलेले असतात.

हे सगळे एकाच काळ्या शाईत छापले की तपकिरी, जांभळट झाक जाते आणि तिन्ही प्रकार सारखे दिसू लागतात. ड्युओटोन (दोन शायांत) किंवा चार रंगांत छापलेले पुस्तक महाग पडते, पण फरक त्यातच कळतो. पुठ्ठ्याची कड कापून टाकलेले पुस्तक तर घेऊच नये. स्टुडिओचे नाव अनेकदा तिथेच असते.

परीक्षणाच्या चौकटीत आपण पृष्ठसंख्या आणि किंमत देताच. त्याखाली एक ओळ वाढवावी: चित्रसूचीत मूळ मापे आणि छपाईचा प्रकार दिला आहे की नाही.

– एक वाचक, पुणे