बोरीबंदरची इमारत दाखवणाऱ्या ताईंना, मूर्तिजापूर तालुक्यातून

ताई, सप्रेम नमस्कार.

हे पत्र तुमच्या पत्त्यावरही पाठवता आलं असतं. पण मग ते तुमच्यापुरतंच राहिलं असतं. वऱ्हाडातून मुंबईला जाणारा माणूस सकाळी सीएसएमटीला, म्हणजे बोरीबंदरच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला, उतरतो, पिशवी खांद्याला अडकवतो आणि टॅक्सीवाल्यांना चुकवत बाहेर पडतो. कोणत्या इमारतीतून बाहेर पडलो, हे त्यानं मान वर करून बघितलेलं नसतं. तुम्ही आमच्या तेवीस जणांच्या तुकडीला ती इमारत दोन तास दाखवलीत. त्याचे आभार मानताना तुम्ही काय काय दाखवलंत तेही लिहितो, म्हणजे पुढं जाणाऱ्यांच्या कामी येईल.

तुकडीत निम्मे लोक रेल्वेतून निवृत्त झालेले होते. रूळ सांभाळणारे गँगमन, सांधे बदलणारे पॉइंट्समन, एक गार्ड. अशा लोकांना इमारत दाखवणं सोपं नाही. उंची, खर्च आणि राणीचं नाव सांगून त्यांचं समाधान होत नाही. भार कुठं जातो आणि पाणी कुठं जातं, हे दोनच प्रश्न त्यांना पडतात. तुम्ही ते पहिल्या दहा मिनिटांत ओळखलंत आणि ठरलेलं भाषण बाजूला ठेवलंत.

आधी तुमच्या फोनवरच्या सूचना, कारण निम्मी सहल त्यांनीच सावरली. ही इमारत म्हणजे मध्य रेल्वेचं मुख्यालय. आत साहेब लोकांची कचेरी चालू असते, म्हणून शनिवार-रविवार धरून येऊ नका, कामाच्या दिवशी दुपारी या, असं तुम्ही बजावलंत. प्रत्येकाजवळ ओळखपत्र हवं. सामान क्लोक रूममध्ये ठेवायचं तर बॅगेला कुलूप लागतं आणि प्रवासाचं तिकीटही दाखवावं लागतं. गाठ मारलेली पिशवी किंवा दोरीनं बांधलेलं बोचकं तिथं चालत नाही, आणि आमच्याकडची माणसं नेमकं तेच घेऊन निघतात. ‘घड्याळाखाली भेटू’ असं ठरवू नका, हेही तुमचंच. या स्टेशनात घड्याळं बरीच आहेत, लोकलचा आणि लांबच्या गाड्यांचा भागही वेगळा आहे. भेटायचं ठिकाण फलाट क्रमांकानं ठरवावं. फलाट एकूण १८. त्यांतले ७ लोकलचे, ११ बाहेरगावच्या गाड्यांचे.

सकाळी पोचून दुपारपर्यंत थांबायचं म्हणून काही जण कुरकुरले होते. त्याचं कारण रस्त्यापलीकडं उभं केल्यावर कळलं. इमारतीचं तोंड पश्चिमेकडं आहे. सकाळी ती सावलीत काळपट दिसते आणि दुपारनंतर ऊन थेट अंगावर आलं की मालाडचा पिवळा दगड उजळतो, कोरीवकाम उठून दिसतं. महापालिकेच्या बाजूनं पाहिलं तर घुमटासकट सगळं एका नजरेत मावतं. रस्ता मात्र भुयारी मार्गानंच ओलांडायचा. वरून धावत जाण्याची गावची सवय तिथं अंगाशी येते.

मग तुम्ही आमच्या डोक्यातल्या चुकीच्या समजुती एकेक करून काढल्यात. पहिली गाडी याच इमारतीतून सुटली, असं बहुतेकांना वाटतं. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला ३४ किलोमीटर जी गाडी गेली, तिला साहिब, सिंध आणि सुलतान ही तीन इंजिनं होती, १४ डबे होते आणि सुमारे ४०० पाहुणे होते. पण तेव्हा ही इमारत कुणाच्या स्वप्नातही नव्हती. तिचं काम १८७८ ला सुरू झालं, १८८८ ला संपलं. मधेच १८८७ ला राणीच्या राज्याला ५० वर्षं झाली म्हणून इमारतीला राणीचं नाव पडलं, व्हिक्टोरिया टर्मिनस. खर्च सुमारे १६ लाख १४ हजार रुपये. छत्रपती शिवाजी टर्मिनस हे नाव १९९६ चं, त्यात ‘महाराज’ आलं २०१७ ला, आणि जागतिक वारसा यादीत ती गेली २००४ ला.

आराखडा फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांचा, हे पाठ्यपुस्तकातही असतं. तुम्ही त्यापुढं जाऊन त्यांचे साहाय्यक अभियंता सीताराम खंडेराव यांचं नाव घेतलंत. नक्षी कोरणारे हात जे. जे. कला महाविद्यालयाच्या विद्यार्थ्यांचे, हेही सांगितलंत. म्हणूनच त्या विलायती घाटाच्या इमारतीवर मोर आहेत, माकडं आहेत, आपल्या ओळखीची पानं आहेत.

आता वऱ्हाडाचा धागा. ही इमारत बांधली ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेनं, आपल्या कचेरीसाठी. त्याच कंपनीचा रूळ भुसावळहून अकोला, बडनेरा करत १८६७ ला नागपूरला पोचला. जलंबहून खामगावला आणि बडनेऱ्याहून अमरावतीला जे फाटे निघाले ते कापसाच्या बाजारांसाठी. गाठी बंदराकडं जायच्या आणि भाडं कंपनीच्या तिजोरीत. ‘या दगडात तुमच्या कापसाचंही भाडं आहे,’ असं तुम्ही म्हणालात तेव्हा सगळे खुलले. पण लगेच एकानं विचारलं, मग शेतकऱ्याच्या पदरात काय पडलं? तुम्ही प्रश्न टोलवला नाहीत. अमेरिकेत यादवी युद्ध चालू होतं तोवर, म्हणजे १८६१ ते १८६५, आपल्या कापसाला सोन्याचा भाव होता. युद्ध संपलं आणि भाव कोसळले. नागपूरपर्यंत रूळ पोचला तो त्यानंतर दोन वर्षांनी. गाडी आली तेव्हा तेजी निघून गेली होती. हे ऐकून कुणाला फारसं नवल वाटलं नाही, एवढंच सांगतो.

सगळ्यात जास्त वेळ आपण घालवला तो घुमटाखालच्या जिन्यापाशी. दगडी पायऱ्या भिंतीच्या कडेनं वर जातात. एक टोक भिंतीत, दुसरं मोकळं, आणि खाली खांब नाही की कमान नाही. ‘हे पायरी भितीत कितीक घुसली हाय?’ असं आमच्यातल्या एका काकांनी विचारलं. इतरांना हसू आलं, तुम्हाला नाही, कारण खरा प्रश्न तोच आहे. पायरी म्हणजे भिंतीतून बाहेर काढलेली सुटी फळी समजलं तर हिशेब चुकतो. प्रत्येक पायरीचा काठ खालच्या पायरीवर टेकलेला असतो. आपलं वजन पायरीपायरीनं उतरत जमिनीकडं जातं. भिंतीकडं मुख्य काम एकच, पायरीला पीळ पडू द्यायचा नाही, ती जागची फिरू द्यायची नाही. म्हणून पायरी भिंतीत फार खोल नसली तरी चालतं. आणि म्हणूनच अशा जिन्याची मधली पायरी तडकली तर ती एकटीची दुरुस्ती राहत नाही, तिच्यावरच्या सगळ्यांचा टेकू ढिला होतो. तुम्ही तुकडी सात-आठ जणांच्या गटांनी भिंतीच्या अंगानं वर पाठवलीत. वयस्कर मंडळींना खालीच बाक दाखवलात आणि घुमट तिथूनच जास्त चांगला दिसतो हेही खरंच सांगितलंत.

घुमट अष्टकोनी. त्याच्या फासळ्या एकमेकींत खाचेनं बसवलेल्या, आणि तो चढवताना खालून लाकडी साचा उभारला नव्हता. त्या काळात ही मोठीच गोष्ट. माथ्यावरची बाई म्हणजे ‘प्रगती’. तिच्या उजव्या हातात मशाल, डाव्या हातात आऱ्यांचं चाक. फाटकावरचा सिंह इंग्लंडचा आणि वाघ आपला. हे कुठल्याही पुस्तकात मिळतं, म्हणून पुढं जातो.

पाण्याचं मात्र सविस्तर लिहायला हवं. भिंतीतून बाहेर तोंड काढलेली ती अक्राळविक्राळ जनावरं, गार्गॉयल म्हणतात ती, शोभेची वाटतात. गार्गॉयल म्हणजे मुळात पन्हळीचं तोंड. छतावरचं पाणी भिंतीपासून लांब फेकायचं, ते दगडावरून ओघळू द्यायचं नाही. पश्चिम वऱ्हाडात वर्षाला सात-आठशे मिलीमीटर पाऊस पडतो, मुंबईत दोन हजारांच्या वर. ओघळलेलं पाणी सांध्यातला चुना धुऊन नेतं, शेवाळ धरतं, आणि पक्ष्यांनी टाकलेलं पिंपळाचं बी त्याच फटीत रुजतं. रोप बोटभर असतं तेव्हाच मुळासकट काढलं तर निघतं. नुसतं कापलं की मूळ आत जाडावत राहतं आणि दगड ढकलतं.

गँगमनला हे पटवावं लागत नाही. आमच्याकडं मूर्तिजापूरहून यवतमाळला ११३ आणि अचलपूरला ७६ किलोमीटर गेलेली ‘शकुंतला’ची, म्हणजे आमच्या अरुंद रुळांच्या (नॅरो गेज) गाडीची, लाइन काळ्या मातीवर होती. ही माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात भेगाळून आकसते. खडीखाली पाणी अडलं की गाडीच्या भारानं रुळाखालचा आडवा स्लीपर वरखाली होतो, चिखल खडीत वर चढतो आणि रूळ बसतो. कितीही खडी टाका, आधी पाण्याला वाट दिली नाही तर पुढच्या पावसात पुन्हा तेच. दगडी भिंत आणि रूळ यांचा दुखणाईतपणा एकच आहे, हे तिथं उभं राहून लक्षात आलं.

त्याच ओघात तुम्ही सांगितलंत की चुन्यात बांधलेल्या जुन्या दगडाचे सांधे सिमेंटनं भरू नयेत. सिमेंट दगडापेक्षा कडक, त्यातून ओल बाहेर पडत नाही. मग ती दगडातूनच वाट काढते आणि दगडाची पापुद्र्यागत साल निघते. ही सूचना आम्ही गावात आल्या आल्या सांगितली. जुन्या वाड्यांना आणि बारवेला सिमेंटचा गिलावा करून ‘जीर्णोद्धार’ म्हणायची टूम आमच्याकडं जोरात आहे.

तिकीटघराचं, म्हणजे स्टार चेंबरचं छत निळं, त्यावर सोनेरी चांदण्या. ते बघायला तुम्ही पर्समधून हातभर रुंदीचाही नसलेला आरसा काढलात. आरसा छातीशी आडवा धरायचा आणि खाली बघत छत पाहायचं. मान अवघडत नाही, चष्मा घसरत नाही. पन्नाशीपुढच्या माणसानं हा आरसा बरोबर न्यावाच. तिथं तिकिटाच्या रांगा चालू असतात, घोषणाही कानावर आदळत असतात. म्हणून बोलायचं ते बाहेर बोलून घेतलंत आणि आत फक्त बोट दाखवलंत. हेही शिकण्यासारखं.

फलाटांकडं साडेपाचच्या आत नेलंत ते बरं केलंत. त्यानंतर कचेऱ्या सुटतात आणि सगळी गर्दी स्टेशनात शिरते. तुकडी मधे उभी राहिली तर ती गर्दी तिला दोन बाजूंना वाहून नेते. खांबाच्या कडेला उभं राहायचं. इथं रूळ संपतो, त्यापुढं गाडी थोपवणारा बफर. लांबची गाडी आली की तिचं इंजिन बफर आणि डब्यांच्या मधे कोंडलं जातं, मागून दुसऱ्या इंजिनानं डबे ओढून नेल्याखेरीज ते सुटत नाही. ३ फेब्रुवारी १९२५ ला देशातली पहिली विजेची गाडी इथूनच कुर्ल्याला गेली, १५०० व्होल्ट डीसीवर. आमची शकुंतला त्यानंतर जवळजवळ सत्तर वर्षं, १९९४ पर्यंत, कोळशाच्या वाफेवर चालत होती.

जाताना तुम्ही विचारलंत की नॅरो गेज नेमकी केवढी, लोकांना कशी दाखवू? रेल्वेचा खिळा किंवा रुळाचा तुकडा आम्ही पाठवू शकत नाही, ती सरकारी मालमत्ता. त्याऐवजी सुती दोरी पाठवत आहोत. पूर्ण लांबी १६७६ मिलीमीटर, म्हणजे ब्रॉड गेज. लाल गाठ ७६२ वर, ती शकुंतला. मापं दोन रुळांच्या आतल्या कडांमधली आहेत. दोरी दोघांनी ताणून धरावी, सैल धरली तर मधे झोळ पडून अंतर कमी दिसतं. सूत मुंबईच्या ओल्या हवेत थोडं आखडेल, तेव्हा ती दाखवण्यापुरतीच आहे, मोजण्यासाठी नाही. दोरीबरोबर एक पाकीट सरकीचंही ठेवलं आहे. कापूस कशातून येतो, असं तुमच्याकडची शाळकरी मुलं विचारतात म्हणालात, म्हणून.

दुसरी तुकडी वेचणी आटोपली की निघेल. त्यांना कुलुपं घ्यायला सांगितलं आहे.

आपले,
मूर्तिजापूर तालुक्यातले तेवीस जण