शनिवारची चर्चची सहल – सगळ्यांनी वाचा

मंडळी, येत्या शनिवारी सकाळी पावणेआठला ठाणे स्टेशन पश्चिमेला तिकीट खिडकीपाशी जमायचंय, फास्ट लोकलने सीएसएमटी आणि तिथून चालत हॉर्निमन सर्कलचं सेंट थॉमस कॅथेड्रल.

मागच्या वेळी दोघातिघांनी विचारलं की आपलं ठाण्याचं सेंट जेम्स चर्च आधीचं की मुंबईचा अँग्लिकन धर्मप्रांत (म्हणजे एका बिशपच्या हाताखालचा चर्चचा प्रदेश), तर सेंट जेम्स आधीचं! १८२५ मध्ये कलकत्त्याचे बिशप हेबर इकडे आले तेव्हा त्याचं समर्पण झालं, मुंबईला स्वतःचा बिशप १८३७ मध्ये मिळाला, थॉमस कार, आणि तेव्हाच १७१८ च्या सेंट थॉमस चर्चला कॅथेड्रलचा, म्हणजे बिशपच्या मुख्य चर्चचा, दर्जा मिळाला. याच चर्चकडे जाणाऱ्या किल्ल्याच्या दरवाजावरून चर्चगेट नाव पडलं, रोज उतरतो तिथे पण कुणाच्या डोक्यात येत नाही. १९७० पासून हे सगळं चर्च ऑफ नॉर्थ इंडियात, म्हणजे प्रोटेस्टंट चर्चांच्या एकत्रित संस्थेत.

- तिकीट आपापलं काढा, रिटर्नच काढा
- आत मोबाईल सायलेंट, फोटो विचारूनच
- भिंतींवरच्या जुन्या स्मारकांना हात लावू नका, मुलांना आधीच सांगून ठेवा
- पाणी आणि छत्री घ्या

येणाऱ्यांनी गुरुवार रात्रीपर्यंत नाव टाका, नुसता अंगठा नको, किती जण ते लिहा. आठ वाजता निघणार, थांबणार नाही.