खिडकीतली मेणबत्ती

कॉर्क, आयर्लंड, 7 जानेवारी

ती. आई-बाबांस,
सा. न.

नाताळात फोनवर धड बोलणं झालं नाही, म्हणून हे पत्र. 25 तारखेला इथे बस नाही, रेल्वे नाही. मी ड्युटीला पायी गेले. बाबा, दिवाळीच्या पाडव्यालाही आपली एसटी सुटते, ते फार आठवलं.

24 ला संध्याकाळी घरमालकीण आजींनी खाली हाक मारली. साडेचारलाच काळोख झाला होता. खिडकीत मोठी मेणबत्ती ठेवलेली. ती घरातल्या सगळ्यांत धाकट्याने लावायची असते. आजींची नातवंडं सिडनीला, म्हणजे धाकटी मीच. चौतिसाव्या वर्षी! येशूच्या आईवडिलांना, मेरी आणि योसेफला, त्या रात्री कुणी थारा दिला नाही, आमच्या घरी या, असा तिचा अर्थ. इंग्रजांचे कॅथलिकांवर कडक कायदे होते, तेव्हा पाद्र्यांना 'हे घर आपलंच' ही खूण असायची, असंही आजी सांगतात. मग म्हणाल्या, "बाहेर गेलेल्यांसाठीही असते ती." 1990 मध्ये मेरी रॉबिन्सन राष्ट्राध्यक्ष झाल्या, तेव्हा त्यांनी राष्ट्रपती निवासाच्या खिडकीत असाच दिवा ठेवला, परदेशी गेलेल्या आयरिश माणसांसाठी. एकोणिसाव्या शतकातल्या मोठ्या दुष्काळापासून इथल्या घराघरातून कुणी ना कुणी बोटीवर चढलेलं आहे. आजींचा भाऊ बॉस्टनला गेला तो गेलाच. त्या सिडनीचं बोलत होत्या की बॉस्टनचं, मी विचारलं नाही.

जेवणात इथलं खास मसाल्यात मुरवलेलं बीफ होतं. लवंग-मिऱ्याचा वास थेट आपल्या मसाल्याच्या डब्याचा. खाल्लंस का, हे बाबांनी विचारायचं नाही.

26 ला रेन पक्ष्याचा दिवस. हा चिमणीहून लहान. लपलेल्या संत स्टीफनचा ठावठिकाणा याच्या चिवचिवाटाने शत्रूला कळला म्हणे, म्हणून पूर्वी त्याला मारून काठीला बांधून दारोदार पैसे मागायचे. आता पक्षी खोटा असतो, पण गवताचे पेंढे अंगाला बांधून, ढोल-बासऱ्या वाजवत सोंगं निघतात, डिंगल गावात तर खूपच. अगदी आपला शिमगा, फक्त थंडीने दात वाजतात.

आणि आई, कालचा दिवस तुला आवडला असता. 6 जानेवारी म्हणजे 'नॉलिग ना मॉन', बायकांचा नाताळ. कॉर्क-केरीकडे तो जास्त पाळतात. त्या दिवशी घरकाम पुरुषांचं, बायका बाहेर जाऊन गप्पा मारतात. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला बायका जमतात, पण ओट्याशी उभी तूच असतेस. काल आजींच्या मुलाने बटाटे सोलले, साली जाडजाड काढल्या. आजी बघून न बघितल्यासारखं करून आमच्याबरोबर चहाला आल्या. परतल्यावर सजावट उतरवली. 6 तारखेनंतर ठेवली तर अपशकुन मानतात.

आपला आकाशकंदील अजून गॅलरीतच आहे म्हणालीस ना? राहू दे. रात्री दिवा लावत जा. बाबांना स्टुलावर चढू देऊ नकोस, मार्चमध्ये आले की मीच काढीन.

तुमची,
ताई