आप्पा, तुमचे गुडघे

जळगाव

तीर्थरूप आप्पा आणि आईस,
साष्टांग नमस्कार.

फोनवर हे बोलवलं नसतं, म्हणून पत्र.

रविवारी सोनूच्या हट्टापायी सर्कस पाहिली. तंबू निम्मा रिकामा. वाघसिंहांच्या खेळांवर १९९८ साली बंदी आली, २००१मध्ये सुप्रीम कोर्टानंही ती कायम ठेवली, तेव्हा तुम्ही दोन दिवस कुणाशी बोलला नव्हता. वाघ सुटला हे बरंच झालं, पण त्याला बघायला येणारी माणसंही गेली.

शेवटी झुला. पोरगी हवेत दोन कोलांट्या घेऊन आली, टाळ्या तिला. मी मात्र पलीकडे उलटा लटकलेल्या माणसाकडे बघत होते. दांडी गुडघ्यांत, डोकं खाली, हात मोकळे. पहिल्यांदा निसटलं. पोरगी जाळीत पडली, पाठीवर, आई, तू सांगायचीस तशीच. उठली, दोराच्या शिडीनं परत वर. दुसऱ्यांदा त्यानं मनगटं धरली आणि माझे डोळे भरले.

खेळ संपल्यावर मागच्या बाजूला गेले. दोरीवर टिकल्यांचे झगे आणि बाळाची दुपटी शेजारी शेजारी वाळत होती. त्या माणसाला विचारलं, गुडघे दुखतात का? त्यानं हसत पँट वर केली. गुडघ्यामागे काळं घट्ट कातडं. आप्पा, तुमच्यासारखंच.

माझ्या लग्नात मीच तुम्हाला म्हटलं होतं, 'कंपनीत होतो' एवढंच सांगा. खोटंही नव्हतं म्हणा, तुम्ही सगळे सर्कशीला कंपनीच म्हणायचात. सासरी आजवर समजत होते, तुम्ही कुठल्या कारखान्यात होतात. दहा वर्षं मी ते तसंच चालू दिलं. आप्पा, तुम्ही एकदाही बोलून दाखवलं नाहीत.

त्या रात्री शेवभाजी वाढता वाढता सगळं सांगून टाकलं. सासऱ्यांचा घास हातातच राहिला. म्हणाले, "भुसावळला सर्कस आली की आम्ही शाळा बुडवून जायचो. झुल्यावर व्याहीच असतील का गं?"

आखाजीला मी अमळनेरला येतेच. यंदा तेही येताहेत. पत्र्याच्या पेटीतला झुल्याचा फोटो काढून ठेवा. आणि सोनू जिन्याच्या दांडीला उलटा लटकायला लागलाय, त्याला तुम्हीच दटावा. माझं ऐकत नाही.

तुमची,
ताई